मुळ्याला चाळ नसते

आमच्या मोशीच्या सोसायटीत वाद पार्किंगवरून होतो, टँकरच्या बिलावरून होतो, लिफ्टमधून कुत्रं न्यावं की नाही यावरून तर ठरल्यासारखा होतो. मुळ्यावरून मात्र पहिल्यांदाच झाला. गच्चीवर काही घरांनी मिळून केलेल्या वाफ्यांत पांढरे लांब मुळे एकदम तयार झाले. ते कधी काढायचे आणि काढून ठेवायचे कुठे, यावर दोन माणसांचं पटेना. दोघंही आपापल्या जागी पक्के होते आणि दोघांचंही अर्धं म्हणणं मला पटत होतं, म्हणून इथे उतरवून काढतो आहे.

एक आमचे भाऊ. चाकणला गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात उत्पादन नियोजन बघतात. कुठला भाग किती वाजता लाइनवर पोचला पाहिजे, हे त्यांचं रोजचं काम. घरात साखरेची जादा पिशवी दिसली तरी त्यांना चैन पडत नाही. दुसऱ्या मावशी. माहेर आणि सासर दोन्ही खेड तालुक्यातलं. सासरची बरीच जमीन एमआयडीसीत गेली, उरलेल्या गुंठ्यांत धाकटे दीर अजून कांदा आणि पालेभाजी करतात. मावशी मुलाकडे राहतात, पण हिशेब सगळा अजून गावाकडचा. मोशी, चिखली, चऱ्होली ही गावं १९९७ मध्ये पिंपरी-चिंचवड महापालिकेत आली. त्याआधी इथे काय पिकत होतं, हे मावशींना तोंडपाठ आहे आणि विचारलं नाही तरी त्या सांगतात.

महिना पौष, संक्रांत तोंडावर आलेली. वार गुरुवार, म्हणजे भाऊंच्या सुट्टीचा.

भाऊ : मावशी, आज पाचच काढू. बाकीचे राहू देत मातीत. लागेल तसा उपटायचा, धुवायचा, खायचा. जमिनीसारखं कोठार नाही. भाडं नाही, वीज नाही.

मावशी : कोठार कसलं भाऊ, चूल आहे ती. खांदे बघा किती वर आलेत. आज काढला तर मुळा, पुढच्या आठवड्यात लाकूड.

खांदे म्हणजे मुळ्याचा वरचा, पाल्याखालचा भाग. मुळा भरला की तो माती बाजूला सारून वर डोकावतो. काढणीची खूण हीच. पाकिटावरचे दिवस हा नुसता अंदाज असतो. दिल्लीच्या पुसा संस्थेची ‘पुसा चेतकी’ ही जात उन्हाळ्या-पावसाळ्यातही चालते आणि ४० ते ४५ दिवसांत तयार होते. जपानी पांढऱ्याला त्याहून आठ-पंधरा दिवस जास्त लागतात. सॅलडचे ते छोटे लाल गोल मुळे २५ ते ३० दिवसांतच काढावे लागतात. दिवस उलटले की मुळा वाया जातो तो आतून. बाहेरून तसाच गुळगुळीत आणि टवटवीत दिसतो, उलट आणखी जाड दिसतो. कापला की आत पांढरं, कोरडं, पोकळ भेंड. बोटाने दाबलं तर दबतं. अशा मुळ्याची कोशिंबीर दाताखाली कापसासारखी लागते आणि तिखटपणा तेवढा शिल्लक राहतो.

भाऊ : पण मी वाचलंय, थंडीतले मुळे महिनाभर जमिनीत ठेवता येतात. बर्फ पडायच्या आत काढले म्हणजे झालं.

मावशी : बर्फ? चाकणला?

इथे मला मावशींच्या बाजूने बोलावं लागतं. भाऊंनी वाचलेलं खोटं नाही, ते दुसऱ्या हवेचं आहे. थंड मुलखात शरद ऋतू सरला की माती गार पडते, मुळ्याची वाढ थांबते आणि तो आहे तसा राहतो. तिथे जमीन खरोखर कोठाराचं काम करते. आपल्याकडे पौषातही रात्री पारा दहा-बारा अंशांवर गेला तरी दुपारी तो तिशीला टेकतो. मुळ्याची वाढ मंदावते, थांबत नाही. त्यातून हे वाफे गच्चीवरचे. खाली तापलेला स्लॅब, चारी बाजूंनी ऊन, माती जेमतेम हातभर. शेतातल्या मुळ्याला मार्गशीर्ष-पौषात आठवडाभराची सवड मिळते. गच्चीवरच्याला तेवढीही मिळेल याचा भरवसा नाही, आणि संक्रांतीनंतर दिवस वाढायला लागले की तर अजिबात नाही.

मावशी : म्हणून तर माघात मुळा खात नाहीत. आमची सासू पौष संपला की मुळ्याला हात लावायची नाही.

भाऊ : ते धर्माचं झालं, मावशी. त्याचा इथे काय संबंध?

संबंध आहे, निदान जुळतो तरी. माघ महिन्यात मुळा वर्ज्य, असं धर्मशास्त्राचे जुने ग्रंथही सांगतात. ते सांगताना शास्त्रकारांच्या डोळ्यांपुढे भाजीचा वाफा होता, असा माझा दावा नाही. पण माघात वाफ्यात काय चालतं ते बघितलं, तर मावशींच्या सासूबाईंचं काही चुकत नव्हतं. दिवस मोठा होऊ लागला की देशी मुळा फुलावर जातो. पाल्याच्या मधोमध दांडा वर चढतो, आणि मुळात साठवलेलं सगळं त्या दांड्याला, फुलांना, शेंगांना लागतं. मुळा ही झाडाने स्वतःच्या पुढच्या पिढीसाठी केलेली बेगमी आहे. आपण मधल्या मध्ये ती पळवतो एवढंच. उशीर केला तर झाड ती परत घेतं.

हे ऐकून भाऊ गप्प बसले, पण हरले नाहीत. त्यांनी वाद अलगद मागे नेला.

भाऊ : बरं, जमिनीत थांबत नाही, मान्य. मग चूक काढणीत नाहीच, पेरणीत आहे. आपण सगळं बी एकाच दिवशी का टाकलं? आमच्याकडे असं झालं असतं तर मला घरी बसवलं असतं. महिन्याभराचे ब्रेक-ड्रम एकाच शिफ्टमध्ये काढायचे आणि मग ठेवायचे कुठे म्हणून बोंबलायचं! दर गुरुवारी हातभर ओळ पेरायची. सहा-सात आठवड्यांनी पहिली ओळ तयार, पुढच्या गुरुवारी दुसरी. साठवणीचा प्रश्नच येत नाही.

भोसरी, पिंपरी-चिंचवड पट्ट्यातल्या पुष्कळ कारखान्यांची सुट्टी रविवारी नसते, गुरुवारी असते. विजेचा भार एकाच दिवशी येऊ नये म्हणून ठिकठिकाणच्या सुट्ट्या वेगवेगळ्या वारांवर टाकल्या, त्यात आमच्या वाट्याला गुरुवार आला. त्यामुळे इथल्या अर्ध्या घरांत दुरुस्त्या, बँकेची कामं आणि सत्यनारायणसुद्धा गुरुवारी उरकतात. पेरणीने त्यात का मागे राहावं, असं भाऊंचं म्हणणं. त्यांच्या कारखान्यातली पद्धत टोयोटाच्या ताइची ओनो यांच्या नावाने ओळखली जाते : पुढच्याने माल उचलला की मागच्याने तेवढाच करायचा, आधी करून ढीग लावायचा नाही. ओनोंना ही कल्पना सुचली अमेरिकेतल्या सुपरमार्केटवरून. गिऱ्हाइकाने फळीवरून जे उचललं तेवढंच परत भरायचं, ही तिथली रीत. म्हणजे किराणा-भाजीच्या दुकानातून निघालेली गोष्ट मोटारींच्या कारखान्यात गेली आणि भाऊ ती आता गच्चीवरच्या भाजीत परत आणत होते. हे मी त्यांना सांगितलं तेव्हा ते खूश झाले. मावशींना त्याचं काहीच वाटलं नाही.

मावशी : तुमच्या कारखान्यात पाऊस पडतो का? शेतात एका दिवसात पेरतात, ते काय अक्कल नाही म्हणून? वाफसा एकदाच येतो. मोटरीला वीज ठरलेल्या वेळी. काढणीला बाया एकदाच मिळतात. आणि चाकणच्या बाजाराला टेम्पो करायचा तर दहा जुड्यांसाठी करणार का? भरून न्यावा लागतो.

हे त्यांनी शेताचं सांगितलं आणि शेतापुरतं ते शंभर टक्के खरं आहे. चाकणचा महात्मा फुले मार्केट यार्ड कांदा-बटाट्यासाठी ओळखला जातो, पण मेथी, कोथिंबीर, शेपूच्या जुड्याही तिथे ढिगांनी उतरतात. त्या ढिगात चार जुड्या मुळा घेऊन कोणी गेलं तर भाडंही सुटत नाही. एकाच वेळी पेरणं, एकाच वेळी काढणं ही शेतकऱ्याची खोड नाही. पाणी, मजूर आणि बाजार या तिघांनी मिळून त्याला तसं करायला लावलं आहे. गच्चीवर या तिघांपैकी कोणीच नाही. तिथे मावशी सवयीने शेताचा कायदा लावत होत्या, आणि या एका मुद्द्यावर मी भाऊंच्या बाजूचा. घरच्या मुळ्याची साठवण काढणीच्या दिवशी ठरत नाही, बी टाकलं त्या दिवशीच ठरून जाते.

पण पाण्याचा मुद्दा मावशींनी सोडला नाही.

मावशी : आणि दर आठवड्याची वेगळी ओळ, तिला पाणी वेगळं. नळाला पाणी येतं दिवसाआड. ज्या दिवशी येतं त्या दिवशी तुम्ही बदाबदा ओतता, दुसऱ्या दिवशी माती कडकडीत. ते दोन मुळे का तडकले, सांगा बरं?

भाऊंकडे उत्तर नव्हतं. पिंपरी-चिंचवडला २०१९ च्या नोव्हेंबरपासून दिवसाआड पाणी आहे, पवना धरण भरलेलं असो की नसो. मुळ्याला हे सोसत नाही. कोरड्या मातीत त्याची साल आवळते, मग एकदम पाणी मिळालं की आतला गर फुगतो आणि साल उभी तडकते. तडकलेला मुळा खायला वाईट नसतो, पण साठवायला बाद. फटीतून कूज शिरते. उपाय साधा आहे : मातीवर वाळलेला पालापाचोळा किंवा उसाचं पाचट अंथरायचं आणि थोडं थोडं पाणी रोज द्यायचं, त्यासाठी नळाच्या दिवशी एक पिंप भरून ठेवायचं. भाऊ म्हणाले, म्हणजे पाण्याचा साठा चालतो, मुळ्याचा नाही. मावशी म्हणाल्या, पाणी भेंडाळत नाही.

एका गोष्टीवर मात्र दोघांचं न बोलता पटलं. सोसायटीच्या सांडपाणी प्रकल्पातलं शुद्ध केलेलं पाणी बागेला मिळतं, फुकट आणि भरपूर. ते कोणीही मुळ्याला घालत नाही. गुलमोहराला घाला, लॉनला घाला. जे मातीतून काढून कच्चं खायचं त्याला नाही. इंद्रायणीवरचा फेस ज्यांनी आळंदीला जाता-येता पाहिला आहे, त्यांना हे समजावून सांगावं लागत नाही.

एवढं झाल्यावर मुळे काढायचे ठरले. सगळे. भाऊंनी पुढच्या गुरुवारपासून ओळी पेरायच्या या बोलीवर माघार घेतली होती. आदल्या संध्याकाळी पाणी दिलेलं होतं, त्यामुळे माती मऊ होती. ऊन चढायच्या आत, पाला बुडाशी मुठीत धरून, किंचित पिळा देत सरळ वर ओढायचा. तिरपा ओढला की टोक तुटतं. दोन-तीन मुळ्यांना खाली पाय फुटलेले निघाले. मावशींनी एका नजरेत निदान केलं : ओलं शेणखत घातलं होतं. न कुजलेल्या खताची ढेकळं, विटेचा तुकडा, घट्ट काळी माती, काहीही आडवं आलं की मुळा दोन वाटा शोधतो.

खरी चकमक पुढे झाली. भाऊंनी मुळे पाल्यासकट नळाखाली धरले, स्वच्छ धुतले, जुड्या बांधल्या. बाजारात असतात तशा. दिसायला सुरेख.

मावशी : झालं वाटोळं.

भाऊ : का? पाला ताजा आहे तोवर मुळा ताजा. मंडईत आपण पाला बघूनच घेतो ना?

मावशी : घेताना पाला बघायचा. ठेवताना पाला तोडायचा. पाला मुळ्याला पितो.

‘पितो’ हा शब्द शास्त्राच्या पुस्तकातही चालला असता. उपटल्यावरही पाल्याच्या रंध्रांतून बाष्प जातच राहतं, आणि ते पाणी येतं मुळातून. मुळ्यात वजनाच्या ९५ टक्क्यांच्या आसपास पाणीच असतं, तेव्हा पाल्याची चैन चालते आणि मुळा दोन दिवसांत रबरासारखा वाकतो. शून्य अंशाच्या आसपास आणि भरपूर दमट हवेत पाला काढलेला मुळा तीन-चार आठवडे टिकतो, पाल्यासकट एक-दोनच. घरच्या फ्रीजमध्ये चार-पाच अंश असतात, त्यामुळे हे दिवस आणखी कमी धरावेत. बाजारातली जुडी पाल्यासकट येते, कारण ती सकाळी निघून दुपारपर्यंत विकली जायची असते. विकण्याची रीत आणि ठेवण्याची रीत इथे एकमेकींच्या उलट जातात. पाला बोटभर देठ ठेवून कापायचा. मुळ्याचा खांदाच छाटला तर तिथून सडतो. बारीक शेपटी राहू द्यायची. आणि धुवायचं नाही. माती हाताने झटकायची, सावलीत तासभर पसरायचे, मग ओलसर सुती फडक्यात गुंडाळून पिशवीत घालून खालच्या भाजीच्या कप्प्यात.

भाऊ : हे सगळं तुम्ही कांद्याच्या हिशेबाने तर नाही ना सांगत? सावलीत पसरा म्हणजे...

मावशी : भाऊ, मला कांदा शिकवू नका.

इथे त्यांचा आवाज चढला, आणि तो चढायलाच हवा होता. कांद्याचं सगळं उलट आहे. कांदा काढला की पात मानेपर्यंत सुकू देतात, मान मिटते, वरचे पापुद्रे कागदासारखे होतात आणि आतला कांदा झोपी जातो. मग त्याला हवा हवी, कोरडं हवं. कांदाचाळीला खालून हवा खेळायला जागा, बाजूला फटी, वर छप्पर. रब्बीचा कांदा तिथे चार-सहा महिने सहज निघतो. मुळ्याला असा कोट नाही. त्याची साल कागदाइतकी पातळ आहे आणि तो झोपत नाही. चाळीत टाकलेला मुळा चार दिवसांत सुरकुततो. त्याला गारवा आणि ओल हवी, नेमकी जी कांद्याला मारते. दोघांना एका टोपलीत ठेवणाऱ्या घरात एकाचं तरी नुकसान ठरलेलंच.

मावशींची स्वतःची पद्धत वाळूची. जुना माठ किंवा फुटकी बादली घ्यायची, तळाला ओल्या वाळूचा थर, त्यावर पाला काढलेले मुळे एकमेकांना न लागतील असे आडवे, वर वाळू, पुन्हा मुळे. वाळू किती ओली? मुठीत दाबली तर गोळा व्हावा, पाणी गळू नये. माठ घरातल्या सर्वांत गार कोपऱ्यात, बहुधा मोरीच्या भिंतीलगत. भाऊंना हे फार जुनाट वाटलं. मला वाटलं नाही, कारण याच तत्त्वावर पुसा संस्थेने गेल्या शतकात शेतकऱ्यांसाठी ‘शून्य ऊर्जा शीतकक्ष’ तयार केला. विटांच्या दोन भिंती, मध्ये वाळू, वाळूवर सकाळ-संध्याकाळ पाणी. पाणी उडून जाताना आतली उष्णता घेऊन जातं. कोरड्या हवेत आतलं तापमान बाहेरच्यापेक्षा १० ते १५ अंशांनी उतरतं आणि दमटपणा नव्वदीच्या घरात जातो. पावसाळ्यात हवा आधीच ओली असते, तेव्हा हे फारसं चालत नाही. पण पावसाळ्यात मुळे साठवायला कोण बसतो?

आणि फ्रीज सगळ्यांकडे असतो हे भाऊंनी गृहीत धरलं होतं. खराबवाडी, नाणेकरवाडी, मेदनकरवाडीच्या भाड्याच्या खोल्यांत चार-पाच पोरं मिळून राहतात, शिफ्टप्रमाणे आळीपाळीने झोपतात. त्यांच्याकडे गॅस असतो, कुकर असतो, क्वचितच फ्रीज. पण दारात बादलीत लावलेली मिरची-कोथिंबीर मी पाहिली आहे. मुळा लावणाऱ्यालाही तिथे वाळूचा माठ परवडेल.

तोवर बाजूला पाल्याचा ढीग झाला होता. भाऊंना त्यांचा सर्वांत चांगला मुद्दा तेव्हा सापडला.

भाऊ : मुळे ठेवलेत तुम्ही वाळूत. आता या पाल्याचं काय? हा उद्या पिवळा पडेल. अर्धं पीक तर पाल्यातच आहे. दर आठवड्याला पाच-सहा काढले असते तर पालाही दर आठवड्याला पुरवून खाल्ला असता.

खरं आहे. पाला दोन दिवसांपलीकडे ठेवण्यात अर्थ नाही. कवळा असेल तर बारीक चिरून, मीठ लावून, पिळून, हरभऱ्याची डाळ घालून भाजी. किंवा लसणाची फोडणी देऊन वरून बेसन पेरायचं. जून झाला तर देठ टाकून नुसती पानं घ्यायची, तीही खरखरीत लागतात. एकदम काढणीच्या पद्धतीत पाला हरतोच, मग मुळा कितीही जपा. मावशींनी यावर वाद घातला नाही. त्या उठल्या, पाल्याच्या मुठी केल्या आणि लिफ्टने खाली जात मजल्यामजल्यावर दारं वाजवली. अर्ध्या तासात ढीग संपला. भाऊ म्हणाले, हे गणितात धरता येत नाही. मावशी म्हणाल्या, गावाला धरतात. आज मी दिला, उद्या शेजारीण अळू देईल. (तिसऱ्या मजल्यावरच्यांनी पाला घेतला नाही. त्यांना मुळ्याचा वास चालत नाही.)

वासाचा विषय निघाला म्हणून सांगतो. अख्ख्या मुळ्याला वास जवळजवळ नसतो. तो चिरला किंवा किसला की पेशी फुटतात, त्यातली दोन वेगवेगळी ठेवलेली द्रव्यं एकत्र येतात आणि मोहरीसारखा झणका तयार होतो. कीस जितका बारीक, तितका झणका जास्त. किसून ठेवलेला मुळा फ्रीजमध्ये तासाभराने दुसऱ्या प्रकारे वास मारायला लागतो, आणि तो गंधकाचा वास दुधाला, लोण्याला, केकला चिकटतो. म्हणून साठवायचा तो अख्खा आणि किसायचा जेवायला बसताना. दही शेवटी, मीठ त्याहून शेवटी, नाहीतर कोशिंबिरीचं कालवण होतं. भाऊंनी कबूल केलं की मुळ्याच्या पराठ्याचा डबा घेऊन कंपनीच्या बसमध्ये बसायचं धाडस त्यांनी एकदाच केलं होतं.

महिनोन्महिने टिकवायचाच असेल तर कच्चा मुळा सोडून द्यावा लागतो. ते काम बरणीचं. जपानी लोक लांब मुळे पाल्याने बांधून आठवडा-दोन आठवडे टांगून सुकवतात, वाकवला तर गोल वळेल इतके, आणि मग मीठ व तांदळाच्या कोंड्यात दाबतात. त्याला ताकुआन म्हणतात. कोरियात चौकोनी फोडी तिखट-मिठात आंबवतात, ती काक्तुगी. नेपाळ-सिक्कीमकडे मुळे खड्ड्यात दाबून आंबवतात आणि मग उन्हात वाळवतात, ती सिन्की. ही नावं आता आमच्या पट्ट्याला अगदीच परकी नाहीत. तळेगावला जनरल मोटर्सची जागा ह्युंदाईने घेतली, चाकणच्या आसपास जपानी आणि कोरियन कंपन्या आहेत, आणि भाऊंनी काक्तुगी एका कोरियन साहेबांच्या घरी खाल्ली होती. त्यांना ती आवडली. त्यांनी करून बघूया म्हटलं. मावशींनी वास घेण्याचीही तयारी दाखवली नाही. त्या करतात ते वेगळं : फोडींना मीठ लावून पाणी काढायचं, फडक्यावर कोरड्या करायच्या, मोहरीची डाळ, हळद, लिंबू, गार फोडणी. आठवडाभर फ्रीजमध्ये चांगलं राहतं. त्यापुढे राहतं की नाही हे त्यांच्या घरात कधी कळलेलं नाही.

माझ्या मते बरणीचा वाद दोघांनी उगाच लांबवला. जो मुळा दीड महिन्यात परत तयार होतो, तो वर्षभर टिकवायची गरज थंड देशांना होती, कारण त्यांच्याकडे हिवाळ्यात काहीच उगवत नाही. आपल्याकडे ती गरज नाही, हौस आहे. हौसेने करावं.

वर्षानुवर्षं टिकतं ते बी. सुकवून कोरड्या डब्यात ठेवलेलं मुळ्याचं बी तीन-चार वर्षं उगवतं, त्याला फ्रीज लागत नाही आणि वाळू लागत नाही. साठवणीच्या या टोकाला दोघंही आपणहून आले. पण येऊन पुन्हा भांडले.

भाऊ : ते फाटे फुटलेले आणि तडकलेले ठेवूया ना बियाला. तसेही ते रिजेक्टच आहेत.

मावशी : वाकड्याचं बी धरता? बियाला सगळ्यांत देखणा मुळा ठेवायचा. सरळ, मऊ सालीचा, उशिरा फुलणारा.

भाऊ : देखणा मी घरी कोशिंबिरीला कबूल केलाय.

इथे एक जुनी युक्ती कामाला आली, बियाणं करणारे शेतकरी ती नेहमीच वापरतात. मुळा उपटून, पारखून, खालचा निम्मा भाग कापून टाकतात. पाला वरून छाटतात, मधला कोंब तेवढा सांभाळतात, आणि उरलेला खांदा परत मातीत लावतात. तो मूळ धरतो आणि फुलावर जातो. कापलेला निम्मा भाग खायला मोकळा. भाऊंच्या घरची कोशिंबीर वाचली. एकाच झाडावर भिस्त ठेवायची नाही, कारण मुळा दुसऱ्या झाडाच्या परागाशिवाय नीट बी धरत नाही, मधमाश्या लागतात. म्हणून तीन-चार देखणे खांदे एकत्र लावायचे ठरले. पुढे शेंगा धरल्या की कोवळ्या असतानाच काही खुडायच्या. त्या डिंगऱ्या. दाणे भरायच्या आत खुडल्या तर त्यांच्या भाजीची सर मुळ्याला येत नाही, हे माझं मत आहे आणि त्यावर मी वाद घालणार नाही. उरलेल्या झाडावरच वाळवायच्या. मुळ्याची शेंग मोहरीसारखी तडकून बी सांडत नाही. ती भेंडासारखी, चिवट. काठीने कुटावी लागते.

तेवढ्यात भाऊंना एक शंका आली, आणि ती अगदी बरोबर होती.

भाऊ : मावशी, हे बी संकरित असलं तर? त्याचं बी पुढे तसंच उतरणार नाही. आणि जपानी पांढरा असला तर? त्या जातीला बी धरायला डोंगरातली थंडी लागते म्हणतात, इथे फुलणारच नाही.

मावशी : मग पाकीट बघा ना. त्यावर लिहिलेलं असतं.

भाऊंनी खिसे चाचपले, गच्चीवरचं सामानाचं खोकं उपसलं, खाली घरी फोन लावला. ज्या माणसाच्या कारखान्यात प्रत्येक नटबोल्टला बॅच नंबर असतो, त्याने पाकीट पेरणीच्याच दिवशी कचऱ्यात टाकलं होतं. जात कुठली, कोणालाच आठवेना.

मावशींनी खुरपं उचललं आणि पहिला खांदा मातीत बसवला.

मावशी : लावा. फुलला तर देशी, शिमग्याला डिंगऱ्या खाऊ. नाही फुलला तर उपटून खतात.